अर्धं वाढलेलं ताट

बोदवड
६ जानेवारी २०२५

ती. जिजी,
जय जिनेंद्र.

फोन मुद्दामच केला नाही. फोनवर मी एक वाक्य बोललो की तू तीन बोलतेस, आणि शेवटी एक तर तू ठेवतेस नाहीतर मी आपटतो. कागदावर निदान धाकट्या भावाचं बोलणं पुरं तरी होतं. या काळात बहीण-भाऊ पत्रं कसली लिहितात म्हणून इथला पोस्टमन हसतो. हसू दे. त्याला दुसरं काम तरी काय आहे!

दुकानात नवी तूर आली आहे. तुझा भाचा मनन गल्ल्यावर बसून मोबाइलमध्ये भाव बघतो. माझ्या मुलाला तूर हातात घेऊन कळत नाही, मोबाइलमध्ये घेतली की कळते. सून हेमलता स्वयंपाकात मिठाचा अंदाज बारा वर्षं शिकते आहे. नात विधी तेवढी हुशार निघाली, ती माझ्यावर गेली. तिला शाळेत मीच स्कूटीवर सोडतो. इथल्या रिक्षावाल्यांच्या हाती मी शेळीसुद्धा देणार नाही.

एक किरकोळ गोष्ट. परवा तुरीचा नमुना तळहातावर घेऊन बघत होतो, तेवढ्यात उजव्या डोळ्यावर वरून खाली शटर पडावं तसा अंधार उतरला. दुखलं खुपलं काही नाही. पाणी मारलं, डोळा चोळला, समोरच्याकडून चहा येईपर्यंत शटर आपोआप उघडलं. मनन लगेच म्हणाला, "बाबूजी, चला, आत्ता जळगावला डॉक्टरकडे जाऊ." या मुलाला दुकान सोडायला निमित्तच हवं असतं. गेलो नाही. डॉक्टर लोक आधी घाबरवतात आणि मग औषध देतात. प्रेशरची गोळीही मी दिवाळीपासून बंद केली आहे. मोजलं तर बरोबर आलं. जे बरोबर आहे त्याला औषध कशाला?

तुझ्या धुळ्याची हवा कशी आहे हे विचारत नाही. धुळ्याला हवा असते हेच मला मान्य नाही.

तुझा
मांगीलाल


धुळे
१३ जानेवारी २०२५

चि. मांगीलालास आशीर्वाद, लायकी नसली तरी.

तुझ्या पत्रात सगळे मूर्ख असतात, एक लिहिणारा सोडून. बरं असतं तसं. माणसाला झोप चांगली लागते.

डोळ्यावर शटर पडलं म्हणे! बाहत्तराव्या वर्षी दुकानाचं शटर खाली करायची वेळ झाली, हे तुला कळत नव्हतं, ते डोळ्याला कळलं. मोतीबिंदू आहे तो, दुसरं काही नाही. माझाही असाच पिकला होता. तुझ्या डोळ्यावर जुना चष्मा, तोही दांडीला दोरा बांधलेला. लोक म्हणत असतील, शेटजींना सून चष्मासुद्धा करून देत नाही. जळगावला जा आणि चांगला चष्मा कर. घासाघीस करू नकोस.

गोळीचं म्हणशील तर मीसुद्धा आठवण झाली तरच घेते. आपण दोघं कुठल्या हाडाचे आहोत हे त्या डॉक्टरांना काय ठाऊक!

मात्र एक सांगते, आणि हे हसण्यावारी नेऊ नकोस. विधीला मागे बसवून मिरवणं बंद कर. धड दिसत नसलेल्या म्हाताऱ्याने दुसऱ्याची पोर घेऊन रस्त्यावर उतरू नये. शेजारच्या लताबाईलाही मी हेच सांगितलं, ती म्हणाली, "अक्का, तुना भाऊ तुनं ऐकी का?" मी म्हटलं, तो त्याच्या बायकोचंसुद्धा ती गेल्यावरच ऐकायला लागला.

जिजी


बोदवड
३ फेब्रुवारी २०२५

जिजी,

तुझ्या सल्ल्याने वागलो आणि फसलो. आता मोठ्या बहिणीला दोष देता येत नाही म्हणून चष्मेवाल्याला देतो.

जळगावला जाऊन चष्मा केला. दुकान असं चकचकीत की बूट बाहेर काढावेसे वाटले. आत एक पोरगा, मिशी नीट फुटलेली नाही, मला म्हणतो, "अंकल, सवय व्हायला वेळ लागेल." बुधवारी संध्याकाळी चष्मा घातला. गुरुवारी सकाळी उठलो तर डोकं जड, आणि सगळं धूसर. चार दिवस झाले, सवय व्हायची होती ती झाली नाही. जुना चष्मा घातला तरी तसंच. म्हणजे त्या भिकार काचेने माझा डोळाच बिघडवला. मी त्याच्या दुकानात जाऊन त्याच काचेचा चुरा त्याच्या हातावर ठेवणार आहे.

तेवढंच असतं तर सोसलं असतं. पण साऱ्या गावाने मिळून काहीतरी ठरवलेलं दिसतं. पेपरवाले बातमीची सुरुवातच छापत नाहीत, सगळं मधूनच सुरू होतं. दाराची चौकट खांद्याला लागते, या घरात पन्नास वर्षं राहिलो, कधी लागली नव्हती. आणि हेमलता! आता ती मला अर्धं ताट वाढते. फुलके असतात, डाळ असते, बाकी ताट रिकामं. बारा वर्षं खारट खाल्लं, आता उपाशी ठेवायची पाळी आली. आपल्या घरात ताटावर बसून कुरकुर करत नाहीत. आहे तेवढं खाल्लं, ताटात पाणी घातलं, पिऊन उठलो.

शनिवारी विधीला शाळेत सोडताना भिकन केळीवाल्याने गाडी मुद्दाम माझ्या अंगावर आणली. विधीचा गुडघा फुटला. मी भर चौकात त्याला झोडला, तोंडानेच. तर उलट म्हणतो, "गाडी त उभीच व्हती शेठ, तुम्हीच आले ना आंगावर!" खोटं बोलावं तर असं, सरळ डोळ्यात बघून. त्याची गाडी तिथून हलवायला लावतोच.

आता मनन म्हणतो, स्कूटी बंद. बघतो कोण बंद करतो ते.

मांगीलाल


बोदवड
३ फेब्रुवारी २०२५

आदरणीय भुवाजी,
चरणस्पर्श.

भाचसून असून मी तुम्हाला कधी पत्र लिहिलं नाही, पण बाबूजी तुमच्याशिवाय कोणाचं ऐकत नाहीत, म्हणजे तुमचंही ऐकत नाहीत पण तुमचं वाचतात तरी.

गुरुवारपासून बाबूजी ताटात टाकून उठत आहेत. आपल्या घरात सगळे जेवण झाल्यावर ताट धुऊन ते पाणी पितात, कण राहू देत नाहीत. विधीला ही सवय बाबूजींनीच लावली. आणि आता ते स्वतः ताटात पाणी घालतात, उजवीकडचं पितात, आणि डावीकडे भाजी-भात तसाच पाण्यात तरंगत ठेवून उठतात. मला रडूच आलं. गट्ट्याची भाजी त्यांच्या आवडीची, तिला हात लावला नाही. दुसऱ्या दिवशी मुगाचा हलवा केला, वाटी तशीच परत आली.

मनन म्हणतात, बाबूजी रुसले आहेत. तुमच्या वडिलांनी वाटणीच्या वेळी असंच ताटात टाकून सगळ्या घराला गुडघ्यावर आणलं होतं म्हणे. मी पाया पडून माफी मागितली. बाबूजी म्हणाले, "माफी नको, उद्यापासून पूर्ण वाढ." भुवाजी, मी पूर्णच वाढते. मला काहीच कळत नाही.

शाळेच्या वेळेला ते स्कूटीची किल्ली घेऊन दारात उभे राहतात. विधी नाही म्हणत नाही. तुम्ही त्यांना समजवा.

आपली
हेमलता


धुळे
९ फेब्रुवारी २०२५

मांग्या,

दवाखान्यात हे तुला हेमलता वाचून दाखवेल. हेमलता, मोठ्याने वाच आणि शिव्या गाळू नकोस.

तुझं आणि तिचं, दोन्ही पत्रं एकाच दिवशी आली. तू म्हणतोस अर्धं वाढते, ती म्हणते अर्धं टाकतात. आधी वाटलं, दोघांतलं एक खोटं बोलतंय. पण तू मूर्ख आहेस, खोटारडा नाहीस. आणि तुला उपाशी ठेवण्याची हिंमत या पोरीत असती तर तिने ते लग्नाच्या पहिल्याच वर्षी केलं असतं. राहिला तुझा रुसवा. आपल्या बापाने ताटात टाकलं तेव्हा सगळ्यांत जास्त किळस तुलाच आली होती. तू रागावलास तर ताट फेकशील, पण ताटात टाकणार नाहीस. म्हणजे ताट भरलेलं होतं आणि तुला ते अर्धंच दिसत होतं.

मग तुझं पत्र पुन्हा हातात घेतलं. पान डावीकडे निम्मं कोरं, सगळी अक्षरं उजव्या कडेला रेल्वेच्या डब्यात कोंबल्यासारखी. मला आधी वाटलं होतं, शेटजी आता कागदाचाही माज करायला लागले.

दोन्ही पत्रं घेऊन मी आमच्या गल्लीतल्या डॉक्टरांकडे गेले आणि वाचून दाखवायला लागले. तो भला माणूस अर्ध्यावरच उठून उभा राहिला. "आजी, हा डोळ्याचा नाही, मेंदूचा झटका असणार. घरी फोन आहे ना त्यांच्या? मग हे मला काय वाचून दाखवताय?" आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी मला मूर्ख म्हणालं आणि ते मला पटलं. त्यांच्याच टेबलावरून मननला फोन केला.

मनन म्हणाला, बाबूजी दवाखान्यात यायचे नाहीत. मी म्हटलं, दवाखान्याचं नावच काढू नकोस, जळगावच्या चष्मेवाल्याशी भांडायला जायचंय म्हणून सांग. भांडायला तो कुठेही येईल. आणि आलास! गाडीत चष्म्याची डबी मांडीवर घेऊन बसला होतास म्हणे, दात-ओठ खात. दवाखान्याच्या पायऱ्या चढेपर्यंत तुला पत्ता नव्हता.

आता पडून राहा. नर्सबाईंना तूर कशी ओळखावी ते शिकवू नकोस.

जिजी


बोदवड
२ मार्च २०२५

ती. जिजी,

हे पत्र लिहिताना हेमलताने पानाच्या डाव्या कडेला लाल रेघ मारून दिली आहे. लाल रेघ दिसेपर्यंत मान डावीकडे फिरवायची आणि मग ओळ सुरू करायची, असं दवाखान्यातल्या बाईंनी शिकवलं. बाहत्तराव्या वर्षी बालवाडी. कर चेष्टा.

जळगावच्या डॉक्टरने मला त्याच्या नाकाकडे बघायला लावलं आणि विचारलं, बोटं किती? मी म्हटलं, आधी बोटं दाखवा तरी. तो डावीकडे केव्हाचा हात हलवत होता. मग त्याने माझा एक डोळा झाकला, मग दुसरा. कुठलाही झाकला तरी डावी बाजू गायब. म्हणाला, "डोळे उत्तम आहेत. मेंदूच्या उजव्या बाजूचं रक्त अडलं, म्हणून दोन्ही डोळ्यांची डावी बाजू गेली." चष्मेवाल्या पोराची काच निर्दोष निघाली. याचं मला अजून वाईट वाटतं.

मी विचारलं, मग मला ते कळलं कसं नाही? तो म्हणाला, जे दिसत नाही ते दिसत नाही हे कळायला दिसावं लागतं. हे एवढं शिकायला त्याने काय काय परीक्षा दिल्या असतील! पण बोलला ते खरं. मला कुठे काळं दिसत नव्हतं, कुठे भोक पडलेलं नव्हतं. मला सगळं पूर्ण दिसत होतं आणि बाकीचे चोर होते.

आता तुला आवडणार नाही असं. त्याने आधीचं काही झालं होतं का विचारलं, मी शटरचं सांगितलं. तो पेन खाली ठेवून म्हणाला, "काका, तीच घंटा होती. तेव्हाच यायचं. ते शटर उघडलं म्हणजे बरं झालं असं नसतं. तेव्हा आला असतात तर हे बहुतेक टळलं असतं. आणि गुरुवारी सकाळी उठल्या उठल्या आला असतात, तरी काही हातात होतं." आणि मी काय केलं? तुला पत्र लिहायला बसलो. आठवड्याने तू मोतीबिंदू लिहून पाठवलास. आपल्या दोघांची अक्कल एकत्र केली तरी एका माणसाची पुरी होईना.

भिकनची गाडी हलवायला लावणार होतो ते राहिलंच, देवाने वाचवलं. माफी मागायला त्याला घरी बोलावलं. बराच वेळ वाट बघितली. शेवटी संतापून मननला म्हणालो, "बघ, शेटजी माफी मागतोय तर नवाब यायलाही तयार नाही!" तेव्हा माझ्या डाव्या कानाशी आवाज आला, "मी त केव्हाचा उभा हाय शेठ." जिजी, मला जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. तो हसला. त्याला हसता आलं हे मला सगळ्यांत लागलं.

डावी बाजू परत येणार नाही म्हणतात. थोडी आली तर आली. स्कूटीची किल्ली हेमलताने घेतली आणि मी दिली, मुकाट्याने. विधीच्या गुडघ्यावरचा वण रोज बघतो. केळीच्या गाडीऐवजी तिथे ट्रकही असू शकला असता. मला भीती वाटते, जिजी. पुन्हा काही झालं आणि पुन्हा मला कळलंच नाही तर? हे मी घरात कोणाला सांगितलेलं नाही.

गोळ्या रोज घेतो. हेमलता समोर उभी राहते. भाजी अजून खारटच असते.

तुझा
मांगीलाल


धुळे
१२ मार्च २०२५

मांग्या,

तुझं पत्र वाचून मी दोन दिवस उत्तर लिहिलं नाही, कारण तू खरं लिहिलं होतंस आणि खऱ्याला शिवी देता येत नाही. आज राग नीट जमला आहे म्हणून बसले.

पहिलं, मोतीबिंदू लिहिला तो मी लिहिला. डॉक्टरची पाटी दारावर नसताना निदान करायची माझी जुनी खोड. पण तुझी खोड त्याहून मोठी. मुलगा म्हणत होता चला, आणि तू बहिणीच्या पोस्टाची वाट बघत बसलास. पोस्टाने येतं ते लग्नाचं आमंत्रण, इलाज नाही.

दुसरं, भीती वाटते म्हणतोस. वाटू दे. आपल्या घराण्यात कोणालाच कधी भीती वाटली नाही, आणि बघ, सगळे कसे पटापट गेले. भीतीला घरात एक पाट दे बसायला. ती वेळेला उठवेल तरी.

तिसरं, हेमलताच्या भाजीविषयी पुन्हा एक अक्षर लिहिलंस तर मी स्वतः बोदवडला येऊन तुझ्या ताटात नुसतं मीठ वाढीन. तिने पत्र टाकलं नसतं तर तू आज कुठे असतास? मनन बावळट असेल, पण पहिल्या दिवशी गाडी काढायला तयार तोच होता. शहाणे निघाले ते दोघं. मूर्ख निघालो आपण, आणि त्यातही तू, मांग्या, तू तर एक नंबरचा


नमस्कार मांगीलाल भाऊ,

मी लताबाई, अक्काच्या शेजारची. अक्का लिहीत होत्या, तेवढ्यात पेन टाकून भिंत धरत माझ्या दारात आल्या. म्हणाल्या, "लता, मला दोन-दोन लता दिसतात. मला एकच पुरे होती." पाय लटपटत होते, खोली फिरते म्हणत होत्या. मी म्हटलं, बसा, लिंबूपाणी देते. तर माझ्यावर ओरडल्या, "लिंबूपाणी नको, गाडी बोलाव, आत्ता!" मी चप्पल शोधायला लागले तर अनवाणीच निघाल्या. मीही म्हटलं, "चप्पल, कुलूप, बठ्ठं राहू दे अक्का, चाल."

मननला फोन केलाय, तुम्हाला कळलंच असेल. डॉक्टरांनी डोक्याचा फोटो काढून लगेच इंजेक्शन दिलं. वेळेत आणलं म्हणाले. आज मी एकच दिसते. पत्र अर्धंच आहे, पूर्ण करू का विचारलं तर अक्का म्हणाल्या, आहे तसंच टाक पेटीत.

लताबाई


बोदवड
२१ मार्च २०२५

ती. जिजी,

काल तुझ्या दवाखान्यातून घरी परत आलो तर तुझं अर्धं पत्र उंबऱ्यात पडलेलं. मननने वाचून दाखवायला घेतलं. मी त्याच्या हातातून ओढून घेतलं आणि मान फिरवून फिरवून स्वतः वाचलं. सबंध सकाळ गेली.

तिथे तुझ्या खाटेशी चार दिवस बसलो तेव्हा काही बोललो नाही. तू बोलू देशील तर ना! ऑक्सिजनची नळी नाकात आणि मला सांगत होतीस की माझा सदरा चुरगळला आहे. म्हणून इथे लिहितो.

जन्मभर मी वाट बघितली की तू एकदा तरी शेवटचा शब्द सोडशील. मांडवात, मयतात, फोनवर, कधीच सोडला नाहीस. आणि या खेपेला, शिवी ओठावर आलेली, ती टाकून तू उठलीस. अनवाणी. मी त्या कोऱ्या जागेकडे बघत बसलो आणि रडलो. हेमलता धावत आली, तिला वाटलं पुन्हा काही झालं. मी म्हटलं, काही नाही, माझी बहीण शहाणी निघाली. तिला ते खरं वाटलं नाही.

डॉक्टर म्हणाले तुला या महिनाअखेर घरी सोडतील. मी त्या दिवशी येतो आहे. मनन गाडी चालवेल, हेमलता डब्यात काहीतरी खारट घेईल. तो राहिलेला शब्द तोंडावर ऐकायचा आहे, पुरा, लताबाईसमोर. फक्त माझ्या उजवीकडे बसून दे. शिवी देताना तुझं तोंड कसं होतं ते मला बघायचं आहे.

तुझा
मांग्या